तुराटीऐवजी उभारी

बायकोला नाही. आई गेली, तिलाही नाही. तीस वर्षं हे माझ्या तोंडून बाहेर पडलेलं नाही — मग तुम्हालाच का? माहीत नाही. बसा जरा.

अकोल्यात माझा व्हिडिओ शूटिंगचा धंदा आहे. लग्नं, बारशी. कॅमेरा कसा धरायचा, श्वास कुठं रोखायचा — सगळं अमरावतीच्या शाळेत शिकलो. चित्रकलेचे देवीदास सर दर शनिवारी आम्हा नववीच्या पोरांकडून सिनेमा करून घ्यायचे. स्वतःचा हॅन्डीकॅम आमच्या हातात द्यायचे. आजही माझ्या हाताखालच्या पोरांना काम शिकवताना तोंडातून त्यांचीच वाक्यं निघतात.

मारामारीचा सीन होता. शाळेमागच्या शेतात. सरांनी त्यासाठी तुराट्या आणल्या होत्या — तुरीच्या वाळक्या काड्या. अंगावर मोडतात, लागत नाहीत. सर बॅटरी आणायला शाळेत गेले. मी आल्याशिवाय सीन घ्यायचा नाही, असं बजावून गेले.

मला ती तुराटी खोटी दिसत होती. शेजारी एक बंडी, म्हणजे बैलगाडी, उभी होती. तिची उभारी — कडेला खोचलेला बाभळीचा दांडा — मी उपसली. सीनमध्ये मारणारा प्रल्हाद होता, त्याच्या हातात दिली. मार खाणारा गजानन बंडीमागून धावत येणार होता, त्याला काय ठाऊक? मी कॅमेरा चालू केला आणि म्हणालो, जोरानं मार.

ओल्या लाकडावर कुऱ्हाड बसावी तसा आवाज झाला. गजानन गुडघ्यांवर बसला. डावा डोळा गालावर आला होता. आणि मी? मी शूट करत होतो.

गजाननचे काका भाजीबाजारातून तसेच शाळेत आले.

"उभारी कोनं देल्ली?"

"सरनं," मी म्हणालो.

बस. एवढंच. प्रल्हादही तेच म्हणाला — त्यालाही ते सोयीचं होतं. काकांनी सरांना मैदानात ओढलं आणि त्याच उभारीनं त्यांचे गुडघे फोडले. मग तोंडावर मारलं. दात मातीत पडले. मी दहा पावलांवर होतो, हॅन्डीकॅम पोटाशी धरून.

पण टेपवर माझा आवाज होता ना. कॅमेऱ्यामागचा माणूस सगळ्यात मोठा ऐकू येतो — हे सरांनीच शिकवलेलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी दवाखान्यातून निरोप पाठवला, टेप घेऊन ये. मी आधी त्या टेपवर शाळेची भिंत शूट केली, टेप संपेपर्यंत. मग कॅमेऱ्यासकट नेऊन दिली.

सरांनी ती भिंत शेवटपर्यंत पाहिली. सुजलेल्या तोंडानं म्हणाले, "भिंत हालत नाई, बाबू. हात तुहा हालला."

नंतर ते कुणालाच काही बोलले नाहीत. का? मला विचारू नका. नोकरी गेली. काठी टेकत धामणगावला गेले, तिथंच वारले.

गजाननच्या पोरीचं लग्न होतं, शूटिंग माझंच. काचेच्या डोळ्याखालचं पाणी पुसत तो पाहुण्यांना सांगत होता, "त्या मास्तरानं माहा डोळा घेतला, पन याले हुनर देऊन गेला. नाई का रे?"

मी हो म्हणालो. कॅमेरा खाली केला नाही.

हे चौदाव्या वर्षी नाही. मागच्या महिन्यात.