आरशात वाचलेलं

माझा नवरा कॅनडातल्या हॅमिल्टनच्या एका पोलाद कारखान्यात यंत्रांची ड्रॉइंग्ज करायचा. लायब्ररीतून तो एकच जाडजूड पुस्तक पुन्हा पुन्हा आणायचा. पाचशे वर्षांपूर्वीच्या एका इटालियन चित्रकाराच्या खासगी वह्यांची पानं त्यात छापली होती. पंख, दातेरी चाकं, पाण्याचे भोवरे, सोललेला माणसाचा हात, आणि भोवती डाव्या हातानं उलट लिहिलेला मजकूर. आमच्या मुलीला लहानपणी तो ती पानं वॉशरूमच्या आरशात दाखवायचा, तिथं अक्षरं सुलटी दिसायची.

२०१७च्या हिवाळ्यात त्याला स्ट्रोक आला. उजवी बाजू गेली, वाचाही गेली. घरी आणल्यावर थेरपिस्टनं त्याच्या डाव्या हातात पेन दिलं. त्यानं काहीतरी खरडलं. मला एक अक्षर लागेना.

"काय लिहितोयस रे?"

त्यानं तेच पुन्हा लिहिलं, इतकं दाबून की कागद फाटला. थेरपिस्ट म्हणाली, कदाचित समजही गेली असेल. मला ते पटलं. मी कागद गोळा करून ठेवत गेले, एवढंच.

मुलगी टोरोंटोला शिकत होती. शनिवारी आली, कागद बघितले आणि एकदम ओरडली, "ममा, ही इज रायटिंग लाइक दॅट बुक!" तिला मराठी वाचता येत नाही. तिनं कागद आरशासमोर धरला आणि मी वाचलं: 'पाय गारठतात.'

सगळ्या कागदांवर तेच होतं.

मी पांघरूण काढून पाय चाचपले. बर्फासारखे. हीटिंग चालू होतं, म्हणून मी कधी बघितलंच नव्हतं. लोकरीचे मोजे चढवले, तसे त्यानं डोळे मिटले.

मग उशाशी छोटा आरसा ठेवला. त्यात बघून मी वाचायचे. 'सुके बोंबील कर.' 'दारातला स्नो कोण शोव्हल करतं?' एके दिवशी त्यानं लिहिलं, 'आता पुरे.'

"असं लिहू नकोस," मी म्हणाले. "पोरगी यायचीये शनिवारी."

त्यानं पेन सोडून दिलं आणि भिंतीकडे तोंड केलं. दुसऱ्या दिवशी मात्र पेनासाठी पुन्हा हात पुढे केला.

मार्चमध्ये दुसरा झटका आला आणि डावा हातही गेला. त्यानंतर तो उन्हाळ्यापर्यंत जगला. मी बोलत राहायचे, तो छताकडे बघत राहायचा. त्याला काय हवं होतं, ते मला शेवटपर्यंत कळलं नाही.