रेघेवरची कमान

"तुमच्या अंकानं माह्या भावाले मारलं!" आमच्या दारात उभा राहून तो माणूस ओरडला आणि हातातलं मासिक त्याने सरूबाईच्या पायाशी फेकलं. तो पहिल्या मोटारीने अमरावतीहून आला होता. त्याचा भाऊ बाबाराव तिथे रेडिओ दुरुस्त करायचा. आमच्या मासिकातली आकृती समोर ठेवून त्याने संच जोडला, वीज सुरू केली, पत्र्याच्या पेटीला हात लावला आणि मागच्या मागे फेकला गेला. त्याला दवाखान्यात नेलं होतं, पण शुद्ध नव्हती. सरूबाईने अंक उचलला, पान उघडलं... आकृती तिच्याच हातची होती.

सरूबाई माझी थोरली जाऊ. पंधरा दिवसांपूर्वी ती गेली. सकाळी चहा घेतला, "साखर कमी हाय" म्हणाली, आडवी झाली आणि उठली नाही. वय झालं होतं, रडण्यासारखं काही नव्हतं. पण तिच्याबद्दल जे छापून आलं त्यात 'आदर्श गृहिणी' एवढंच होतं. स्वयंपाक ती बेताचाच करायची. म्हणून मी लिहिते. चौथी शिकले आहे, तेवढ्यात भागेल.

आमचं घर अकोल्याच्या जुन्या शहरात, आणि मोर्णा नदीच्या काठी फुलांचा न् भाजीचा मळा. सरूबाईचे मालक, म्हणजे आमचे दादा, मोठ्या लढाईत बिनतारीच्या पलटणीत होते. परत आले ते मळ्यात रमले नाहीत. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांतात होता. गावोगाव रेडिओ येऊ लागले होते, पण बिघडला की दुरुस्त करणारा सापडत नसे, आणि त्या कामाची पुस्तकं सगळी इंग्रजीत. दादांनी या लोकांसाठी मराठीत मासिक काढलं, 'बिनतारी कारागीर'. मजकूर छापखान्यात व्हायचा. आकृत्यांचे ठसे करणारा मात्र अकोल्यात नव्हता. म्हणून पानावर चौकट रिकामी सोडायची आणि प्रत्येक प्रतीत सरूबाईने टाकाने आकृती काढायची, असं ठरलं. दारातली तिची रांगोळी बघायला गल्लीतल्या बाया थांबायच्या, म्हणून काम तिच्याकडे आलं. मी शाई वाळवायची आणि टपाल बांधायची. सासूबाई चिडायच्या, "फुलं तोडाच्या टायमाले दोघी कागद चितारून राहिल्या!" सरूबाई मान वर न करता म्हणायची, "आत्याबाई, पोरगा तुमचा हाय. आमी काय करावं?"

त्या महिन्यात दादांना हिवताप होता. कच्ची आकृती त्यांनी अंथरुणातच काढून दिली. एक तार दुसरीवरून नुसती जाते, जोडलेली नसते, तिथे त्यांनी रेघेला लहानशी कमान काढली होती. आधीच्या आकृत्या साध्या होत्या, अशी कमान कधी आलीच नव्हती. सरूबाईला वाटलं, तापाने हात थरथरला. तिने रेघा सरळ केल्या आणि रेघ रेघेला छेदते तिथे रांगोळीत देतात तसा नीट ठिपका दिला. आकृती देखणी झाली. पण या धंद्यात ठिपका म्हणजे तारा जोडा. बाबारावाने जोडल्या आणि वीज पेटीत उतरली.

दादा भिंतीला धरून बाहेर आले. "बंद. आजपासून मासिक बंद," म्हणाले. सरूबाई रडली नाही. त्या माणसाला म्हणाली, "ठिपके म्या देले. चाल, मी येतो तुह्यासंगं." मग दादांकडे वळली. "बंद कराचं ते मंग करा. बाकीचे अंक लोकायच्या घरी पडून हायेत. ते कोण दुरुस्त करन?"

दादांनी तापातच सगळ्या वर्गणीदारांना कार्डं लिहिली, आकृती चुकली आहे, संच जोडू नका. मी सरूबाईबरोबर निघाले. दवाखान्यात बाबाराव डोळे उघडे ठेवून पडला होता, हाताला पट्टी. सरूबाईने सांगितलं, ठिपके माझे.

"काहून देले?"

"रांगोळीत देतो तसे देले. चांगले दिसत होते."

तो हसायला गेला आणि कळवळला. "बाई, तुमच्या चांगल्या दिसण्यानं माही तेरवी झाली असती."

"मालक मासिक बंद करून राहिले."

"बंद? अन् मंग पुढचे संच मी काय तुमच्या रांगोळीवरून जोडू?"

सरूबाईने पिशवीतून पातं, टाक आणि दौत काढली. तिथेच खाटेवर त्याच्या अंकातले ठिपके खरवडले आणि कमानी काढल्या. त्याचा भाऊ दौत धरून उभा राहिला.

मग मोटार जाते तिथे तिथे आम्ही फिरलो. नांदगाव खंडेश्वरला एका वर्गणीदाराच्या घरात अंक तसाच घडी घातलेला होता. कापसाची वेचणी चालू होती, त्याने उघडलाच नव्हता. सरूबाई म्हणाली, "आळशी हायेस म्हणून वाचला. आता मात्र वाच." घरी आलो तेव्हा दादांचा ताप उतरला होता. पुढच्या अंकाचे कागद त्यांनी तिच्या पाटापाशी ठेवले होते.

मासिक पुढे पुष्कळ वर्षं चाललं. नागपूरला रेडिओ केंद्र झालं, तिथले इंजिनिअर अंक मागवू लागले, लेखही देऊ लागले. ट्रान्झिस्टर आले, दादा थकले, तेव्हा ते संपलं. आपलं आयुष्य जगून संपलं.

सरूबाईच्या रांगोळीत मात्र त्यानंतर रेघ कधी रेघेला शिवली नाही. दुसरी रेघ आडवी आली की कमान करून वरून जायची. सुनांनी तशीच उचलली. परवा तेरवी आटोपल्यावर नातसुनेने दारात रांगोळी काढली, कमानींची. मी विचारलं, अशी का? म्हणाली, "आपल्या घरी अशीच काढतात."

त्या दिवशी जेवायला अमरावतीहून एक म्हातारा आला होता. दारात काठी टेकून बराच वेळ खाली बघत उभा राहिला. मग रांगोळी न तुडवता आत आला.

तो बाबाराव.