घाईबाईचा तिरका गोटा

चहा पितानाही जिचा एक पाय दाराबाहेर, तिला लोक घाईबाई म्हणणार नाहीत तर काय! ती धरणाच्या वीजघरात झाडूकाम करायची. त्यामुळे दरवाजांच्या दुरुस्तीसाठी धरणाचं पाणी पार खाली नेणार, ही बातमी वस्तीत तिलाच आधी कळली. झाडू तिथंच टाकून बाई पळत सुटली, ती थेट पुनर्वसनाच्या पत्र्याच्या खोल्यांपर्यंत.

कारणही तसंच होतं. धरणात मासे धरायचा हक्क ठेकेदाराला, तिच्या आदिवासी वस्तीला नाही. वीस वर्षांपूर्वी, धरण बांधायच्या आधी, मोजणीवाल्यानं विचारलं होतं, ही नदी कुणाची? तिच्या सासऱ्यांनी हसून सांगितलं, कुणाचीच नाही. नदीला आपली म्हणणं त्यांच्यात उद्धटपणाचं. त्यानं तेच कागदावर उतरवलं आणि वस्तीच्या तोंडचा घास गेला. बोंबला! आता फेरतपासणी निघाली होती, पण पुरावा सगळा पाण्याखाली.

पाणी उतरलं त्या सकाळी गुडघाभर चिखलात घाईबाई पुढे, मागे धापा टाकत थोरली जाऊ, आणि त्यांच्यामागे बूट हातात घेतलेला तपासणी अधिकारी. जाऊ सारखी म्हणत होती, वाहून गेलं असेल गं सगळं. घाईबाई आणखीच भराभर पाय उपसत होती. जाऊचं खरं ठरलं तर?

आणि दिसला! मासे अडवायला रचलेला दगडांचा बांध, जसाच्या तसा. त्यांच्याकडे नवी सून पहिल्यांदा मासे धरायला उतरली की बांधात एक पांढरा गोटा बसवायची. घाईबाईनं आपला गोटा लांबूनच ओळखला. घाईत तिरका बसवलेला, सासूबाई जन्मभर ज्यावरून बोलल्या तोच. तिला हसू आवरेना आणि डोळ्यांतलं पाणीही.

अधिकाऱ्यानं कागद काढून विचारलं, हे कुणाचं? जाऊ सवयीनं 'कुणाचंच' म्हणणार, तोच घाईबाईनं तिला कोपर मारलं.

"नदी कुणाचीच नाही साहेब, सासरे खरंच बोलले. पण हे दगड आमच्या हातचे. तेवढं लिहा."

त्यानं लिहिलं. तिनं ते त्याच्याकडून दोनदा वाचून घेतलं. मग चक्क चिखलातच बैठक मारली, जायचं नावच घेईना. जाऊ तिरका गोटा सरळ करायला वाकली, तर हिनं तिचा हात धरला.

"राहू दे. सरळ असता तर सापडला असता का मला?"