काडीएवढी वाट

आईचे डोळे पिवळे झाले तेव्हा दवाखाना कुणाच्या डोक्यातही आला नाही. काविळीला डॉक्टर कशाला? गारगोटीकडचा एक जाणकार मुळ्यांची माळ करून द्यायचा. ती डोक्यावर ठेवायची. रोज वाढत ती अंगावरून खाली उतरते आणि तिच्याबरोबर कावीळही उतरते, असा पक्का समज. मी कोल्हापुरात शाळेत शिकवत होते, चार बुकं वाचलेली. तरी बाबांबरोबर जाऊन मीच ती माळ आणली. कपाळ माझं!

आणि माळ वाढली की हो! कानापर्यंत, गळ्यापर्यंत, मग थेट कमरेपर्यंत. शेजारणी तिला हात जोडायच्या. आम्ही सगळे माळ बघत बसलो, आईकडे कुणी बघेना. तिचं अंग हळदीसारखं झालं, खाजवून खाजवून रक्त निघालं. एक दिवस हुडहुडी भरून ताप चढला, तेव्हा मी बाबांवर ओरडलेच, "माळ राहू द्या, आधी टांगा आणा!"

डॉक्टरांनी आधी विचारलं, "शौचाचा रंग कसा आहे?"

"पांढरट. शाडूसारखा," मी मान खाली घालून सांगितलं.

त्यांनी कागदावर चित्रच काढलं. यकृतात पित्त तयार होतं, गव्हाच्या काडीएवढ्या नळीतून आतड्यात उतरतं. त्या नळीत बहुतेक खडा अडकलाय. पित्त तुंबून रक्तात चाललंय. वाट मोकळी केली नाही, तर बाई हातची जाईल. आणि माळ? मुळ्या वाळल्या की गाठी सैल पडतात, म्हणून लांबते, एवढंच.

शरमेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण खरं सांगते, मी थक्क जास्त झाले. पाच बाळंतपणं काढलेली, गल्लीवर दरारा असलेली बाई, आणि तिचा जीव एवढ्याशा काडीत!

ऑपरेशन झालं. हरभऱ्याएवढा खडा निघाला. पोटातून एक रबरी नळी बाहेर काढून बाटलीत सोडली होती. तिच्यातून सोनेरी पित्त थेंब थेंब उतरायचं आणि मी तासन् तास बघत बसायचे. आपल्या आईच्या आत हे रात्रंदिवस चालू होतं, आणि आम्हाला पत्ताच नाही!

काही दिवसांनी डॉक्टरांनी त्या रबरी नळीला चिमटा लावून ती बंद केली. आता पित्तानं आपल्या वाटेनं आतड्यात जायचं. नाही गेलं, तर पुन्हा ताप, पुन्हा कावीळ. त्या दिवशी मी दर घटकेला आईच्या कपाळाला हात लावत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं डोळे उघडले. "भूक लागलीया मला," म्हणाली. दोन महिन्यांत तिनं अन्नाचं नाव काढलं नव्हतं. मला रडूच फुटलं.

"रडतीस काय?" आई खेकसली. "भाकरी आण की!"