ग्रहणात चिरलेलं वांगं

माझ्या बायकोच्या मावशीइतकी भांडखोर बाई सौंसरपासून पांढुर्ण्यापर्यंत दुसरी झाली नाही, आणि होऊ नये अशी निम्म्या गावांची प्रार्थना आहे. आमच्याकडे जावई आला की त्याचे पाय धुतात. ही बाई जावयालाच धुते. कुठल्या घरात सून पोटुशी आहे असं कानावर आलं की मावशी न बोलावता पोचते आणि पहिल्यांदा पाणी मागते. तहान नसतेच. पाणी कशातून येतं ते तिला बघायचं असतं. संत्र्याच्या बागांवरच्या फवारणीचे रिकामे कॅन आमच्याकडे लोक विसळून पाण्याला ठेवतात. तसा कॅन दिसला की मावशी पिशवीतून पोती शिवायचा दाभण काढते आणि आरपार भोसकते. तिगावला एकदा तिनं भरलेलाच कॅन फोडला. घरात पाणीच पाणी. सासू ओरडली, "अवं, साबणानं धुतला होता ना!" मावशी म्हणाली, "मंग पयले तू पी. तुह्या सुनेच्या पोटातलं लेकरू मंग पिईन."

बसमध्येही तिचं तेच. एक पोरगा खर्रा घोटत होता. शेजारी त्याची पोटुशी बायको, तिनंही हात पुढे केला. मावशीनं पुडी उचलली आणि खिडकीबाहेर फेकली. "ओ मावशी, माझा खर्रा!" "उतर अन् वेच. पोराले अजून दात नाही आले, अन् तू त्याले तमाकू चारून राहिला!"

पण तिचा खरा संताप ग्रहणाच्या दिवशी. "विहारात वंदना घेता अन् घरी गिऱ्हान पाळता? चांदोबाची सावली वाईट, अन् नवऱ्याचा फवाऱ्याचा शर्ट बाई हातानं धुते, त्याले काय अत्तर लावलं हाय?" लोक हसत. मीही हसत असे. त्या हसण्याची मला आज चीड येते, म्हणून हे लिहितो आहे.

आमची पहिली मुलगी पाठीचा कणा उघडा घेऊन जन्मली आणि संध्याकाळच्या आत गेली. माझी आई म्हणाली, सातव्या महिन्यातल्या ग्रहणात सुनेनं वांगं चिरलं, त्याचं हे फळ. बायकोनं ते खरं मानलं. पुढे प्रत्येक ग्रहणाला ती हात पदरात गुंडाळून बसायची, पोटुशी असो वा नसो. एकटी मावशी आईशी भांडली. "विळीनं पोट्टी मरत असन, तर या गावात एकबी माणूस जिता नसता!" आईनं तिला येडी ठरवलं. मी गप्प.

आणि मला माहीत होतं. नागपूरच्या डॉक्टरनं मला बाजूला घेऊन विचारलं होतं, "बायको फवारणीचं औषध हाताळते का?" मी म्हटलं, "नाही." खरं असं की त्या हंगामात मजूर मिळाला नव्हता. तिला दिवस गेल्याचं आम्हाला कळलंही नव्हतं. मी पंप मारायचो, ती ड्रममध्ये औषध कालवायची, संध्याकाळी माझे ओले कपडे धुवायची. डॉक्टर म्हणाला, एखाद्या मुलाचं कारण छातीठोकपणे सांगता येत नाही. पण कणा पहिल्या महिन्यातच घडतो, तेव्हा असलं विष बाईच्या आसपासही नको. म्हणजे सातव्या महिन्यातलं वांगं निर्दोष होतं. एवढं एक वाक्य मी घरी आणू शकलो नाही. माझी लाज वाचली, तिचा जन्म जळला.

पुढे मुलगा झाला, त्याचं लग्न झालं. आता सुनेला दिवस आहेत. गेल्या ग्रहणात बायकोनं तिला खाटेवरून हलू दिलं नाही. ग्रहण सुटलं, तसा मुलाच्या फवारणीच्या कपड्यांचा टप तिच्यापुढे सरकवला. माझा तोल गेला. अंगणात उभं राहून मी सगळं ओकलो. बायकोनं ऐकून घेतलं. "तुमाले तवाच ठाऊक होतं?" "हो." तिनं टप मुलाच्या पायाशी आपटला, सुनेला घेतलं आणि मावशीच्या गावाची, सौंसरची बस धरली.

मुलगा आता आपले कपडे वेगळे धुतो. मी करपलेल्या पोळ्या खातो. मावशीचा रोज फोन.

"पाठवत नाही, जवाईबापू. इकडं या, अन् डॉक्टरले जे सांगाचं होतं ते तिच्यापुढं बसून सांगा."

"सांगितलं ना मावशी, एकदा."

"इतके वर्स ती भोगून राहिली, अन् तुमचं एकदा सांगून उरकलं? बम हुशार हाय तुमी!"

"उद्या येतो."

"या. जेवून याजा. इथं तुमच्यासाठी पाट मांडणार नाही कोणी."

फोन आपटेल असं वाटलं. आपटला नाही. मग ती इतक्या हळू बोलली की ही मावशीच का, असं वाटलं.

"तिले तवा पोट्टी दाखवलीच नाही न कोणी. तुमी पाह्यली होती?"

"पाह्यली होती," मी म्हटलं. "हनुवटी तिच्या आईची होती."

"मंग तेच पयले सांगा," मावशी म्हणाली.