भाकरीसाठी निघालेल्या बायका

लातूर नुकतंच जिल्ह्याचं गाव झालं होतं. कचेऱ्यांच्या पाट्या नव्या आणि घरोघरचे रांजण कोरडे. अशा दिवसांत मी नांदेडमार्गे बिलोलीच्या एसटीत बसले. आंध्रच्या सीमेलगतच्या एका खेड्यातल्या शाळेत मला फ्रेंच राज्यक्रांतीवर बोलायचं होतं. कॉलेजातली माझी नोकरी कच्ची होती, त्यामुळे नाही म्हणायची सोय नव्हती.

वाटेत टायर फुटलं. पोचले तेव्हा वर्ग रिकामे होते. मुख्याध्यापक म्हणाले, "पोरी मायसंगं पान्याच्या रांगेत हाईत. तिथंच बोला."

मठासमोर बायका घागरी मांडून बसल्या होत्या. टँकर चार दिवस आला नव्हता. मी सांगितलं, पॅरिसच्या बाजारातल्या बायका भाकरी मिळेना म्हणून भर पावसात राजवाड्यावर चालत गेल्या आणि राजाराणीला गाडीत घालून शहरात घेऊन आल्या.

शांताबाई नावाच्या वयस्क बाईंनी विचारलं, "शिपायांनी आडवलं न्हाई?"

"शहरातले शिपाई त्यांच्याच मागून गेले."

मग त्या मला जेवायला घरी घेऊन गेल्या. ज्वारीची भाकरी, अंबाडीची भाजी आणि अर्धा तांब्या नीळ्ळू (पाणी, तिकडचा तेलुगू शब्द). मुक्कामही तिथंच केला.

सकाळी गल्लीत एकही बाई नव्हती. मुख्याध्यापक धापा टाकत आले. "बाई, समद्याजणी बिलोलीच्या कचेरीवर गेल्यात. पोलीस आले तर पयलं तुमचंच नाव निघंल."

मी पिशवी उचलली आणि मिळेल ती एसटी पकडली.

ती कचेरीसमोरच अडकली. रस्त्यावर बायका बसल्या होत्या. एक अधिकारी कमरेवर घागर घेऊन उभ्या असलेल्या शांताबाईंना विचारत होता, "कोणी शिकवलं तुम्हाला हे?" शेजारी पोलीस काठी घेऊन उभा होता.

शांताबाईंची नजर माझ्या खिडकीवर आली, थांबली आणि पुढं गेली.

"कोनी न्हाई शिकवलं, साहेब. तहान लागली म्हनून आलो."

मी उतरले नाही. डोक्यावरचा पदर तेवढा पुढं ओढला.

त्याच दुपारी टँकर सुटला, हे मुख्याध्यापकांच्या पत्रातून कळलं. लातुरात मात्र कितीतरी दिवस कॉलेजच्या व्हरांड्यात बूट वाजले की मी शिकवणं थांबवून दाराकडं बघायचे. चौकशीला कोणी आलं नाही.

त्या वर्षी हाच धडा शिकवताना माझ्या टिपणात एक वाक्य दिसलं, 'पॅरिसच्या त्या बायका निर्भय होत्या.' मी ते खोडलं. साहेबांना उत्तर देताना शांताबाईंच्या कमरेवरची रिकामी घागर थरथरत होती. मी पाहिली होती.