जानकीकाकीचं गाऱ्हाणं

जानकीकाकीला स्वस्थ बसता येत नाही. कुडाळात कोर्टासमोर माझी टायपिंगची टपरी आहे. ती आली की मी स्टूल पुढे करतो, ती बसत नाही. बोलता बोलता माझेच कागद सारखे करून ठेवते. वीस वर्षं ती नर्सरीत काजूची कलमं बांधतेय. हात रिकामे राहिले की तिचा जीव कासावीस होतो, आणि गेली दोन वर्षं तर फारच.

दोन वर्षांपूर्वी बांधाच्या भांडणात तिच्या नवऱ्याच्या, सत्यवानकाकांच्या, डोक्यात कोयता बसला. घालणारा भावकीतलाच, सुदेश. काकीने समोर उभं राहून पाहिलं. काका जगले, पण बोलणं गेलं ते गेलंच. खुनाच्या प्रयत्नाचा गुन्हा नोंदला, आरोपपत्र दाखल झालं, आणि सुदेश जामिनावर सुटून तिच्याच दारावरून मोटारसायकल फिरवू लागला.

मग गावातल्या शहाण्यांना भावकीचा पुळका आला. देवदिवाळीच्या सुमारास त्यांनी दोन्ही घरांना देवळात नेलं आणि नारळ ठेवून गाऱ्हाणं घातलं. पुस्तकात गाऱ्हाणं म्हणजे तक्रार. आमच्याकडे गाऱ्हाणं म्हणजे देवापुढे उभं राहून घातलेलं साकडं. हा फरक इथल्या शेंबड्या पोरालाही कळतो.

दुसऱ्या दिवशी सुदेशचा वकील काकीला घेऊन माझ्या टपरीत आला. वकील घाटावरचा. देवळात काय झालं, असं त्याने विचारलं. काकी म्हणाली, “गाऱ्हाणां झालां. पुरां झालां.” त्याने मला लगेच मजकूर सांगितला: माझ्या तक्रारीचे निवारण झाले असून, गुन्हा रद्द करण्यास माझी हरकत नाही. माझी बोटं थांबली. वकिलाने माझ्याकडे पाहिलं. माझं निम्मं काम त्याच्याकडून येतं. त्याला शब्द कळला नसेल, असं मी मनाला समजावलं आणि टाईप केलं. देवळात झालं त्याचीच नोंद करतायत, असं समजून काकीने न वाचता सही केली.

चैत्रात तिला हायकोर्टाची नोटीस आली. खटला उभा राहण्याआधीच गुन्हा रद्द व्हावा म्हणून सुदेशने हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या बेंचपुढे अर्ज केला होता, आणि त्याला तिचाच कागद जोडला होता. नोटीस घेऊन ती टपरीत आली. मी वाचून दाखवली. असलं काही मी बोललेच नाही, म्हणाली. अर्ज मंजूर झाला तर साक्ष द्यायची वेळच येणार नाही, हे तिला बरोबर कळलं. नवरा बोलू शकत नाही आणि तिला कोणी विचारणार नाही, म्हणजे त्या दिवशी बांधावर काही घडलंच नाही. मी स्वतःबद्दल अवाक्षर काढलं नाही. तुझ्यासोबत येतो, एवढंच म्हणालो. त्या आठवड्यात माझ्या हातून चार अर्ज चुकले.

कोल्हापुरात सुदेशच्या बाजूने सांगितलं गेलं की भांडण घरगुती, तडजोड झालेली, बाईची हरकत नाही, मग खटला कशाला? सरकारी वकिलांनी विरोध केला. न्यायाधीशांनी काकीला पुढे बोलावलं आणि तडजोड झाली का ते विचारलं. ‘साहेब, माझे म्हणणे असे आहे’ हे वाक्य तिने अख्ख्या घाटात घोकलं होतं. तेवढं म्हणून झालं आणि पुढची शुद्ध भाषा संपली.

“देवाकडे मी ह्येंची वाचा मागलंय, साहेब. सुदेशाची सुटका मागूक नाय.”

अर्ज फेटाळला गेला. डोक्यात कोयता घालणं ही दोन घरांपुरती बाब नाही, गावाने मिटवलं म्हणून ती मिटत नाही, असं न्यायाधीश म्हणाले. डोळ्यांनी पाहणारी साक्षीदार समोर असताना तिला न ऐकताच खटला पुसता येणार नाही. खरं काय, खोटं काय, तो कागद कसा झाला, सगळं पुरावा ऐकून ठरेल.

परतीच्या एसटीत काकी एकसारखी विचारत होती. मग सुदेशला शिक्षा झाली का? नाही. तो घरीच राहणार? हो, निकाल लागेपर्यंत. ती संतापली. एवढ्या लांब येऊन मिळालं काय, तर फक्त बोलायची परवानगी. मलाही ते थोडकंच वाटलं. पण तिच्या शेजारी बसून मला गप्प राहवेना.

“काकी, तो कागद मीच टाईप केलंय.”

“म्हायत आसा. मी थंयच उभी होतंय.”

“तुझ्या गाऱ्हाण्याचो अर्थ माका कळलो होतो. तरी मी गप ऱ्हवलंय.”

गाडी घाट उतरून सपाटीला लागेपर्यंत ती नोटिशीची घडी घालत आणि उलगडत राहिली. मला भयंकर शरम वाटत होती. उतरून चालत जावं, असंसुद्धा वाटलं. मग तिने माझ्याकडे पाहिलं.

“ह्यां तू कोर्टात सांगशीत?”

मी होय म्हटलं.

“आयकाक येऊक नाय. मोठ्यान सांग.”

गाडीतली माणसं वळून बघू लागली. मी पुन्हा होय म्हटलं.